उपदेशाचें सोवळें

चित्रपटाच्या इतिहासकारांनीं आजवर बहुधा मोठ्या मंदिरांचींच वर्णनें केलीं. त्या मंदिरांच्या मागच्या गल्लींत जो बाजार भरत असे, त्याकडे पाहण्याचें शिष्टपणानें टाळलें. परंतु एखाद्या समाजाची नीति त्याच्या प्रवचनांवरून जितकी कळते, त्याहून अधिक, त्यानें निषिद्ध ठरविलेला माल कोणीं व कसा विकला यावरून कळते. अमेरिकेंत ज्यांस ‘एक्स्प्लॉयटेशन’ चित्रपट म्हणत, त्यांची कथा या दृष्टीनें मननीय आहे.

आरंभीं हा विषय मुळींच गल्लींतला नव्हता. तरुण मुलींस फसवून वेश्याव्यवसायांत लोटणाऱ्या टोळ्यांवरील ‘ट्रॅफिक इन सोल्स’ हा चित्रपट १९१३ सालीं युनिव्हर्सलसारख्या कंपनीनें पुढें आणला, आणि त्यास लोटलेली गर्दी पाहून अनुकरण करणारांची रीघ लागली. पुढें पहिल्या महायुद्धांत सैनिकांस गुप्तरोगांपासून सावध करण्यासाठीं ‘फिट टु फाइट’सारखे चित्रपट सरकारी आश्रयानेंच निघाले. म्हणजे लोकशिक्षण आणि लोकरंजन यांची मिसळ प्रथम प्रतिष्ठितांनींच केली.

ही मिसळ प्रतिष्ठितांच्या पंक्तींतून उठविली ती दोन निर्णयांनीं. १९१५ मध्यें तेथील सर्वोच्च न्यायालयानें म्युच्युअल फिल्म कंपनीच्या खटल्यांत ठरविलें कीं, चित्रपट दाखविणें हा निव्वळ धंदा आहे. वृत्तपत्राचें स्वातंत्र्य त्यास मागतां येणार नाहीं. त्यामुळें राज्याराज्यांतील परीक्षण-मंडळांस मोकळें रान मिळालें. दुसरा निर्णय हॉलिवूडच्या कारखानदारांनीं आपण होऊन घेतला. १९३० च्या त्यांच्या नीतिसंहितेंत लैंगिक आरोग्य, गुप्तरोग, स्त्रियांचा व्यापार, अमली पदार्थांचा चोरटा व्यापार हे विषय वर्ज्य ठरले. आणि १९३४ पासून जोसेफ ब्रीन यांच्या कचेरीचा शिक्का नसलेल्या चित्रपटास बड्या कंपन्यांच्या चित्रगृहांचीं दारें बंद झालीं.

परंतु विषय वर्ज्य केल्यानें जिज्ञासा थोडीच वर्ज्य होते? मोठ्यांनीं टाकलेला मक्ता लहानांनीं उचलला. ‘चाळीस चोर’ या थट्टेच्या नांवानें ओळखले जाणारे हे फिरस्ते व्यापारी फिल्मचे डबे घेऊन गांवोगांव हिंडत आणि बड्या कंपन्यांच्या ताब्यांत नसलेलें एखादें चित्रगृह गांठीत. चित्रपटाच्या आरंभीं पडद्यावर एक निवेदन झळके: समाजाचे डोळे उघडावे, एवढ्याच हेतूनें हें भयंकर सत्य आम्ही दाखवीत आहों! धंद्याच्या भाषेंत यास ‘स्क्वेअर-अप’ म्हणत. हें उपदेशाचें सोवळें एकदां नेसलें कीं आंत वाटेल तें शिजवावयास हरकत नसे. ड्वेन एस्पर याचे ‘मॅनिअ‍ॅक’ (१९३४) व ‘मॅरिहुआना’ (१९३६) हे अशाच स्वयंपाकाचे नमुने होत. एकाच चित्रपटाच्या सौम्य आणि उघड अशा दोन प्रती बाळगल्या जात. गांवचे अधिकारी कितपत कडक आहेत हें पाहून कोणती लावावयाची तें ठरे. शिळ्या झालेल्या चित्रपटास नवें नांव देऊन तोच पुन्हां वाढण्यांतही कोणास संकोच वाटत नसे.

या विद्येंतील खरा आचार्य म्हणजे ओहायो राज्यांतील क्रोगर बॅब. त्याचा ‘मॉम अँड डॅड’ हा चित्रपट १९४५ मध्यें निघाला. बायकांचे व पुरुषांचे खेळ वेगळे. चित्रगृहांत परिचारिकेच्या वेषांतील स्त्रिया. आणि मध्येंच चित्रपट थांबवून ‘एलियट फोर्ब्स’ नांवाच्या आरोग्यतज्ज्ञाचें व्याख्यान. व्याख्यान संपलें कीं पुस्तिकांची विक्री होई. गंमत अशी कीं, हे फोर्ब्स महाशय एकाच संध्याकाळीं अनेक गांवीं बोलत असत. कारण तें माणसाचें नांव नसून भूमिकेचें होतें.

मग हा सारा लबाडीचाच खेळ म्हणावयाचा काय? इतका सोपा निकाल देण्यास आमचें मन घेत नाहीं. चित्रपटाची कथा अशी: आईनें मुलीस शरीरधर्माविषयीं एक अक्षर सांगितलेलें नाहीं, मुलगी अजाणपणीं संकटांत सांपडते. बॅबचा हेतु कांहींही असो, त्यानें बोट ठेवलें तें खऱ्या दुखण्यावर. शाळा बोलत नाहीं, आईबाप बोलत नाहींत, अशा गांवांतील मुलीला अपत्यजन्म व गुप्तरोग यांचें दर्शन प्रथम या भोंदू वैद्याच्या तंबूंत घडावें, यांत त्याच्या धूर्तपणापेक्षां इतरांच्या मौनाचा दोष अधिक आहे. तें मौन हेंच त्याचें भांडवल होतें. ज्या दिवशीं घराघरांतून स्पष्ट बोलणें सुरू होईल त्या दिवशीं आपलें दुकान उठेल, हें तो जाणत नसेल असें वाटत नाहीं.

दुकान अखेर उठलें, पण वेगळ्या वाटेनें. १९५२ सालीं सर्वोच्च न्यायालयानें आपला १९१५ चा निकाल फिरविला. १९५७ मध्यें न्यू यॉर्कच्या वरिष्ठ न्यायालयानें केवळ नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे असें ठरविलें. १९५९ मध्यें रस मायर याच्या ‘द इम्मॉरल मिस्टर टीझ’नें उपदेशाची एक ओळही न लिहितां उघड नग्नता विकली, आणि त्यावर पैसा ओतला गेला. १९६८ मध्यें जुनी नीतिसंहिताही गेली. सोवळें सुटलें, त्याबरोबर ढोंग गेलें. पण ढोंगाच्या आडोशानें कां होईना, मिळत होती ती चार आण्यांची माहितीही या नव्या धंद्यांतून नाहींशी झाली.

२००५ सालीं ‘मॉम अँड डॅड’ची गणना अमेरिकेनें जतन करण्याजोग्या राष्ट्रीय चित्रपटांत केली. हा गौरव कलेचा खास नव्हे. आपल्या मुलांशीं जें आपण बोललों नाहीं तें त्यांस कोणीं व काय भावानें विकलें, याचा तो जपून ठेवलेला हिशेब आहे.