निविदा कोणाला मिळाली, यासोबत कशी दिली हेही विचारा

अनुसूचित जाती व नवबौद्ध वस्त्यांच्या विकास योजनेतून रस्ता किंवा गटार मंजूर झाले की उद्घाटनाचा फलक सगळे वाचतात. ते काम कोणत्या प्रक्रियेने कोणाला दिले, हे फार थोडे जण विचारतात. आपले काही तरुण आता बांधकाम, सफाई, उपाहारगृहाच्या निविदा स्वतः भरू लागले आहेत. निविदा अपात्र ठरली की ‘सगळं आधीच ठरलेलं असतं’ असे म्हणून ते गप्प बसतात. कधी ते खरेही असते. पण गप्प बसल्याने हातातला हक्क जातो.

मुंबई विमानतळाचा खटला

१९७७ साली मुंबई विमानतळावर एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार चालवण्यासाठी निविदा मागवल्या गेल्या. निविदाकार किमान ५ वर्षांचा अनुभव असलेला, नोंदणीकृत दुसऱ्या वर्गाचा हॉटेलचालक असावा, अशी अट होती. ज्यांची निविदा मंजूर झाली त्यांना कॅन्टीन चालवण्याचा अनुभव होता, पण ते या अटीत बसत नव्हते.

‘रमणा दयाराम शेट्टी विरुद्ध भारतीय आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरण’ या खटल्यात १९७९ मध्ये न्या. पी. एन. भगवती यांनी निकाल लिहिला. सार्वजनिक संस्थेने जाहीर केलेली अट त्या संस्थेलाही बांधते, असे त्यात ठरले. अट एकट्यासाठी सैल केली, तर ती वाचून निविदा न भरलेल्या सगळ्यांची समान संधी जाते. असा मनमानी निर्णय संविधानाच्या कलम १४ चा भंग ठरतो.

तरीही याचिका फेटाळली गेली. याचिकाकर्ता उशिरा आला होता, तोवर ठेकेदाराने खर्च करून काम सुरू केले होते, आणि याचिकाकर्त्याचा स्वतःचा खरा हितसंबंधही न्यायालयाला दिसला नाही. देशाला नियम मिळाला, त्याला काहीच मिळाले नाही. कार्यकर्त्यांनी या निकालातून दोन्ही गोष्टी शिकाव्यात.

न्यायालय काय तपासते?

‘टाटा सेल्युलर’ खटल्यात (१९९४) सर्वोच्च न्यायालयाने मर्यादा आखून दिली. ठेकेदार चांगला की वाईट, हे न्यायालय ठरवत नाही. निर्णयाची प्रक्रिया तपासते. निर्णय बेकायदेशीर आहे का, कोणताही समंजस माणूस घेणार नाही इतका अतार्किक आहे का, प्रक्रियेत दोष आहे का, हे पाहिले जाते. ‘जगदीश मंडल’ खटल्यात (२००७) त्यात सार्वजनिक हिताला बाधा येते का, हा प्रश्नही आला. म्हणून ‘माझा दर कमी होता’ एवढ्यावर भागत नाही. कोणती अट, कोणासाठी, केव्हा मोडली, ते कागदावर दाखवावे लागते.

काळ्या यादीत टाकण्यापूर्वी

काळ्या यादीत नाव गेले की लहान ठेकेदाराचा धंदाच बुडतो. ‘इरुशियन इक्विपमेंट’ खटल्यात (१९७५) ठरले, की बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय असे करता येत नाही. ‘गोरखा सिक्युरिटी’ खटल्याने (२०१४) पुढची पायरी स्पष्ट केली: काळ्या यादीची कारवाई प्रस्तावित आहे, हे कारणे दाखवा नोटिशीतून कळले पाहिजे. नुसता खुलासा मागवून थेट ही शिक्षा देता येत नाही.

आपल्यासाठीची तरतूद

केंद्राच्या २०१२ च्या सार्वजनिक खरेदी धोरणानुसार केंद्रीय मंत्रालये व सार्वजनिक उपक्रमांनी वार्षिक खरेदीतील ४ टक्के वाटा अनुसूचित जाती-जमातींच्या सूक्ष्म व लघु उद्योगांकडून घेणे अपेक्षित आहे. अशा उद्योगांना निविदा संच मोफत मिळतो आणि बयाणा रकमेतून सूट असते. १९९० च्या दुरुस्तीने बौद्धांनाही अनुसूचित जातींचा दर्जा मिळालेला असल्याने पात्र बौद्ध उद्योजक यात येतात. भागीदारीत अनुसूचित जाती-जमातींचा हिस्सा किमान ५१ टक्के असावा लागतो. कर्नाटकाने तर कायद्यातच दुरुस्ती करून ठराविक रकमेपर्यंतच्या सरकारी कामांत अनुसूचित जाती-जमातींच्या ठेकेदारांना आरक्षण दिले आहे.

काय करावे?

- निविदा सूचना आणि प्रत्येक शुद्धिपत्रक तारखेसह जपून ठेवा.
- एखादी अट ठराविक ठेकेदारासाठीच घातल्यासारखी वाटली, तर निविदापूर्व बैठकीत किंवा मुदतीआधी लेखी हरकत घ्या. निविदा भरून हरल्यावर त्याच अटीला आव्हान देणे अवघड जाते.
- तांत्रिक लिफाफ्यात अपात्र ठरल्यास त्याच दिवशी लेखी कारणे मागा. अर्जावर पोच घ्या.
- माहिती अधिकारात तांत्रिक मूल्यांकन, दरांचा तुलनात्मक तक्ता आणि समितीचे इतिवृत्त मागा. उत्तराची मुदत साधारण ३० दिवस असते. तोवर कार्यादेश निघू शकतो, म्हणून त्याची वाट पाहत हरकत लांबवू नका.
- वरिष्ठांनी दाद दिली नाही, तर कलम २२६ खाली उच्च न्यायालयात जाता येते. वकिलाकडे कार्यादेश निघण्यापूर्वी जा.

निविदा न भरणाऱ्या रहिवाशालाही माहिती मागण्याचा हक्क आहे. वस्तीतला रस्ता पहिल्याच पावसात उखडल्यावर मोर्चा काढण्याआधी, निविदा उघडली त्या आठवड्यात एक अर्ज टाकलेला बरा.