एक समुद्र, दोन पत्रपेट्या: आनंदीबाई आणि गोपाळराव जोशी यांची ताटातूट

७ एप्रिल १८८३. कलकत्त्याहून निघालेल्या जहाजावर अठरा वर्षांची एक मराठी ब्राह्मण विवाहिता होती. सोबत मिशनरी स्त्रिया होत्या, पती नव्हता. आनंदीबाई जोशी यांच्या आयुष्यातले हे प्रस्थान कादंबरीने, नाटकाने, अलीकडे चित्रपटाने घरोघरी पोहोचवले आहे. परंतु त्यानंतरच्या दोन वर्षांहून अधिक काळाच्या ताटातुटीने या जोडप्याच्या नात्याचे काय केले, हा प्रश्न सहसा पदवीच्या तेजात झाकोळून जातो. हा थ्रेड त्या प्रश्नाविषयी आहे.

लग्न झाले १८७४ मध्ये. कल्याणची यमुना नऊ वर्षांची, तर टपाल खात्यात नोकरी करणारे गोपाळराव बिजवर आणि वयाने सुमारे वीस वर्षांनी मोठे. बायकोला शिकवीनच, हा त्यांचा हट्ट. त्या काळी नवरा बायकोला शिकू देत नसे, ही तक्रार नेहमीची. येथे नवरा शिकण्याची सक्ती करीत होता. पुस्तक बाजूला ठेवून स्वयंपाकघरात रमलेली बायको पाहून संतापणारा नवरा ही गोष्ट शेजाऱ्यापाजाऱ्यांना चमत्कारिक वाटली असल्यास नवल नाही. अलिबाग, कोल्हापूर, मुंबई, कलकत्ता, श्रीरामपूर अशा बदल्या होत गेल्या आणि प्रत्येक बिऱ्हाडात हीच शाळा भरत राहिली. गुरू आणि पती एकच असल्यामुळे त्या शाळेतून सुटका अशी नव्हतीच. चौदाव्या वर्षी आनंदीबाईंना मुलगा झाला आणि दहा दिवसांत गेला. आपण स्वतः डॉक्टर व्हावे हा त्यांचा निश्चय या दुःखातून उभा राहिला.

अमेरिकेला दोघांनी मिळून जावे, असे आधी ठरत होते. १८८० मध्ये गोपाळरावांनी अमेरिकन मिशनरी वाइल्डर यांना पत्र लिहिले. उत्तरात धर्मांतराची सूचना आली, पण तो पत्रव्यवहार नियतकालिकात छापला गेला आणि न्यू जर्सीतील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटर यांच्या वाचनात आला. पुढे याच बाई आनंदीबाईंच्या ‘मावशी’ झाल्या. प्रवासाचा बेत पक्का होत गेला तसतसे दोघांच्या खर्चाचे गणित मात्र जमेना. २४ फेब्रुवारी १८८३ रोजी श्रीरामपूर येथे केलेल्या जाहीर भाषणात, ‘एकटी का जातेस?’ या लोकांच्या प्रश्नाला आनंदीबाईंनी थेट उत्तर दिले: पैसा पुरेसा नाही आणि पतीवर वृद्ध आईवडील व धाकट्या भावंडांचा भार आहे. प्रवासाच्या खर्चासाठी अंगावरचे सोने विकले गेले.

मराठी माणसाला विरह नवा नव्हता. मोहिमेवर गेलेला शिपाई, चाकरीसाठी मुंबईला गेलेला कोकणी गडी आणि मागे वाट पाहणारी बायको, हे चित्र ओव्यांतून आणि लावण्यांतून पिढ्यान्‌पिढ्या रंगवले गेले आहे. येथे ते उलटे झाले. बायको परदेशी गेली आणि नवरा मागे राहिला. या भूमिकेसाठी गोपाळरावांपाशी कोणताही नमुना नव्हता. वाट पाहणाऱ्या पुरुषाने काय करायचे असते, हे त्यांना कोणी शिकवलेले नव्हते.

दैवाची थट्टा अशी की, टपाल खात्यात आयुष्य घालवणारा हा माणूस आता स्वतःच टपालाची वाट पाहू लागला. हिंदुस्थान आणि अमेरिका यांच्यातील पत्राला तेव्हा किमान महिनाभर तरी लागे. म्हणजे एखादा टोमणा मारला, तर त्याचे उत्तर हाती येईपर्यंत दोन महिने उलटत. रागावलेला माणूस तोवर शांत झालेला असे, किंवा दुसऱ्याच कारणाने रागावलेला असे. समोरासमोरचे भांडण संध्याकाळपर्यंत विरते. पत्रातले भांडण मात्र प्रत्येक वाचनाला पुन्हा ताजे होते.

आनंदीबाई फिलाडेल्फियाच्या स्त्री वैद्यकीय महाविद्यालयात दाखल झाल्या, तेथील थंडीशी झगडू लागल्या, शाकाहार सांभाळू लागल्या. नऊवारीने पायांचे थंडीपासून रक्षण होईना म्हणून त्यांनी गुजराती पद्धतीची साडी स्वीकारली. वरवर क्षुल्लक गोष्ट. पण हजारो मैलांवरून बायकोच्या वागण्याचा हिशेब ठेवू पाहणाऱ्या नवऱ्याला असे बदलही कळवावे लागत. गोपाळरावांच्या लिहिण्यात कौतुक असे, तसाच टोचणारा सूरही असे. ज्याने बायकोला घडवण्याचा ध्यास घेतला होता, त्याला ती आपल्या नजरेआड घडते आहे, हे पचवणे जड जात असावे.

आणि मग आनंदीबाईंनी ते पत्र लिहिले. तुमची माझ्याशी वागणूक चांगली होती की वाईट, हे ठरवणे कठीण आहे. ती दोन्ही होती, अशा आशयाने त्या आरंभ करतात. अंतिम हेतू पाहिला तर ती योग्य ठरेल, पण लहान मुलीच्या मनावर तिचा काय परिणाम झाला असेल, याचा विचार केला तर ती अयोग्यच म्हणावी लागेल. मग त्या एकेक गोष्ट वयाच्या क्रमाने मांडतात: दहाव्या वर्षी लाकडाने खाल्लेला मार, अंगावर फेकलेल्या खुर्च्या आणि पुस्तके, पुढे सोडून देण्याची धमकी. हिंदू स्त्रीला नवऱ्यापुढे एक शब्दही बोलण्याचा अधिकार नाही, त्याने जे करायचे ते करू द्यावे आणि गप्प राहावे, हेही त्या लिहितात. आणि त्याच पत्रात, तुमच्यावाचून मी येथवर पोहोचले नसते, हे ऋण कायमचे आहे, असेही त्या निःसंकोच मान्य करतात.

हे पत्र श्रीरामपूरच्या बिऱ्हाडात लिहिले गेले नसते. घरात ज्या गोष्टीला उत्तर म्हणजे केवळ मौन होते, ती गोष्ट समुद्रापलीकडून वाक्यांत मांडता आली. अंतराने त्यांना नवऱ्यापासून तोडले नाही. नवऱ्याकडे पाहण्यासाठी लागणारी जागा दिली. कृतज्ञता आणि तक्रार या दोन्हींना एकाच कागदावर बसवणारी ही विशीतली मुलगी, गोपाळरावांना देव करणाऱ्या आणि राक्षस करणाऱ्या दोन्ही पक्षांपेक्षा कितीतरी न्यायी होती.

याच वर्षांत मुंबईत आणखी एक मराठी जोडपे वेगळे राहत होते. रखमाबाईंचे लग्न बालपणीच झालेले. त्या पती दादाजी भिकाजी यांच्याकडे नांदायला गेल्या नाहीत. १८८४ मध्ये दादाजींनी मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी निकाल रखमाबाईंच्या बाजूने दिला आणि सनातन्यांत खळबळ उडाली. दोन्ही प्रकरणे शेजारी ठेवली, की त्या काळचा नियम उघडा पडतो. बायकोने वेगळे राहणे हा स्वतः गुन्हा नव्हता. ते कोणाच्या इच्छेने घडले, यावर सारे अवलंबून होते. आनंदीबाईंवर टीका झाली, बहिष्काराची भीती दाखवली गेली, पण त्यांच्या प्रवासामागे नवऱ्याची संमती होती. रखमाबाईंचा नकार त्यांचा स्वतःचा होता, म्हणून तो कोर्टात गेला.

१८८५ मध्ये गोपाळराव स्वतः अमेरिकेत पोहोचले. पुनर्भेट सुखाची असते, असे कथा सांगतात. प्रत्यक्षात ज्या स्त्रीला त्यांनी निरोप दिला होता, ती आता प्राध्यापिकांच्या विश्वासातली विद्यार्थिनी होती, तिची मावशी होती, मैत्रिणी होत्या, स्वतःची मते होती. गोपाळराव या वर्तुळात पाहुणे होते आणि पाहुणेपण त्यांना जमणारे नव्हते. त्यांनी व्याख्याने दिली. त्यांत अमेरिकन समाजावर, मिशनऱ्यांवर आणि चक्क स्त्रियांच्या शिक्षणावरही आघात केले. ज्यासाठी बायकोला दहाव्या वर्षी मारले, त्याच शिक्षणाची भर सभेत टवाळी! आनंदीबाईंच्या अमेरिकन हितचिंतकांची यामुळे मोठी कुचंबणा झाली. विक्षिप्त स्वभाव हे स्पष्टीकरण सोपे आहे, पण अपुरे आहे. शिष्या गुरूच्या पुढे गेली की काही गुरूंना विद्येचाच राग येतो.

११ मार्च १८८६ च्या पदवीदान समारंभाला गोपाळराव हजर होते, पंडिता रमाबाईही मुद्दाम आल्या होत्या. प्राचीन हिंदूंतील प्रसूतिशास्त्र हा आनंदीबाईंच्या प्रबंधाचा विषय होता. कोल्हापूरच्या अल्बर्ट एडवर्ड रुग्णालयात स्त्रीविभागाची जागा त्यांच्यासाठी ठरली होती. परंतु क्षयाने तोवर शरीर पोखरले होते. त्या वर्षाच्या अखेरीस दोघे स्वदेशी परतले. कोल्हापूरची जागा रिकामीच राहिली. २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात आनंदीबाईंचे निधन झाले. वयाची बावीस वर्षेही पुरी नव्हती.

त्यानंतर आठवडाही उलटला नव्हता. ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी रखमाबाईंना नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असा हुकूम दिला. त्यांनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली, रखमाबाई लंडनला गेल्या आणि डॉक्टर होऊन परतल्या.

गोपाळराव पुढेही पुण्याला हादरे देत राहिले. १८९० चे गाजलेले पंचहौद मिशनचे चहा प्रकरण त्यांनीच घडवून आणले. काशीबाई कानिटकर यांनी १८८९ मध्ये आनंदीबाईंचे चरित्र पत्रांसह प्रसिद्ध केले, त्यामुळे त्या काळातला दुसरा आवाज आज ऐकता येतो. एका मराठी स्त्रीचे चरित्र दुसऱ्या मराठी स्त्रीने लिहावे आणि त्यात नवऱ्याविषयीचे कडू-गोड दोन्ही राहू द्यावे, हे त्या काळी लहान धाडस नव्हते.

आनंदीबाईंच्या अस्थी पुण्याहून अमेरिकेला, कार्पेंटर मावशींकडे पाठवण्यात आल्या. न्यूयॉर्क राज्यातील पोकिप्सी येथे, कार्पेंटर कुटुंबाच्या दफनभूमीत त्या आजही आहेत.