ग्रिअर, पॅम
(२६ मे १९४९ – ). अल्पखर्ची, सनसनाटी चित्रपटांतून ख्यातकीर्त झालेली कृष्णवर्णीय अमेरिकन अभिनेत्री. जन्म उत्तर कॅरोलायना राज्यातील विन्स्टन-सेलम येथे. फिलिपीन्समध्ये चित्रित झालेल्या ‘द बिग डॉल हाउस’ (१९७१) या तुरुंगपटाने ती प्रथम नजरेत भरली. त्याच चित्रपटाचा दिग्दर्शक जॅक हिल याच्या ‘कॉफी’ (१९७३) व ‘फॉक्सी ब्राउन’ (१९७४) यांत, देहप्रदर्शन आणि हिंसा यांवर ज्यांची सारी भिस्त असे अशा चित्रप्रकाराच्या चौकटीतच राहून, अमली पदार्थांच्या व्यापाऱ्यांचा स्वतःच्या हिकमतीने व बाहुबलाने सूड घेणारी स्वयंसिद्ध नायिका तिने साकारली. क्वेंटिन टॅरंटिनोच्या ‘जॅकी ब्राउन’मधील (१९९७) परिपक्व, संयत अभिनयास गोल्डन ग्लोबचे नामांकन लाभले. अमेरिकन साहसपटांत कृष्णवर्णीय स्त्रीस नायिकापद मिळवून देणाऱ्यांत तिचे स्थान अग्रगण्य आहे.