शब्द, शाळा आणि प्रथम प्रेम : ‘त्सुकी गा किरेई’ या मालिकेची ऐतिहासिक पार्श्वभूमी

इ. स. २०१७ च्या वसंतात जपानी दूरचित्रवाणीवर ‘त्सुकी गा किरेई’, म्हणजे ‘चंद्र सुंदर आहे’, ही बारा भागांची आनिमे, अर्थात चलत्चित्रांची मालिका प्रसारित झाली. टोकियोच्या वायव्येकडील कावागोए या जुन्या पेठांच्या नगरात माध्यमिक शाळेच्या तिसऱ्या, म्हणजे अखेरच्या वर्षात शिकणारी दोन मुले तिच्या केंद्रस्थानी आहेत. कोतारोला लेखक व्हावयाचे आहे. आकाने शर्यतीत धावणारी मुलगी आहे. दोघांना परस्परांविषयी ओढ वाटते. परंतु समोरासमोर आली की त्यांच्या तोंडून शब्द फुटत नाही. हे मौन जपानी स्वभावाचे सनातन लक्षण होय, असे स्पष्टीकरण सहज सुचते. ते कितपत ग्राह्य आहे, हे इतिहासाच्या कसोटीवर पाहिले पाहिजे.

मालिकेच्या नावामागे एक आख्यायिका आहे. कादंबरीकार नात्सुमे सोसेकी (१८६७–१९१६) इंग्रजीचे अध्यापक असताना एका विद्यार्थ्याने प्रेमाची कबुली देणाऱ्या एका इंग्रजी वाक्याचे शब्दशः भाषांतर केले. तेव्हा जपानी माणूस असे बोलत नाही, चंद्र सुंदर आहे एवढे म्हटले तरी पुरे, असे सोसेकींनी सांगितले, अशी ही कथा. सोसेकींच्या लेखनात तिला आधार सापडत नाही. ती छापील स्वरूपात आढळते ती त्यांच्या निधनानंतर अनेक दशकांनी. तेव्हा तिला मेइजी काळाचा पुरावा न मानता, उत्तरकालीन जपानने स्वतःविषयी करून घेतलेल्या कल्पनेचा पुरावा मानणे अधिक युक्त ठरेल.

वस्तुतः जपानी भाषेत प्रेमोक्तीची वाण कधीच नव्हती. आठव्या शतकातील ‘मान्योशू’ या काव्यसंग्रहातही ‘कोइ’ म्हणजे प्रेमाची उत्कंठा विपुल आहे. मात्र आज रूढ असलेला ‘रेन्आइ’ हा शब्द प्रचारात आला तो मेइजी काळातील भाषांतरांच्या द्वारे. सॅम्युएल स्माइल्सच्या स्वावलंबनविषयक ग्रंथाचा नाकामुरा मासानाओ यांनी १८७१ च्या सुमारास केलेला अनुवाद हे त्याच्या आरंभीच्या उपयोगाचे एक स्थळ होय. पुढे १८९२ साली कितामुरा तोकोकु यांनी ‘जोगाकु झाश्शी’ या स्त्रीशिक्षणविषयक नियतकालिकात लेख लिहून या प्रेमाला मानवी जीवनाच्या आकलनात मध्यवर्ती स्थान दिले.

शब्द मिळाला, परंतु तो उच्चारावयाचे स्थळ मिळाले नाही. १८७९ च्या शिक्षणविषयक आदेशाने प्राथमिक शाळा वगळता मुलामुलींचे शिक्षण वेगळे ठेवले. १८९९ च्या आदेशाने मुलींच्या उच्च शाळांची स्वतंत्र व्यवस्था पक्की केली. युद्धोत्तर काळात, १९४७ च्या मूलभूत शिक्षण कायद्याने सहशिक्षणास मान्यता दिली आणि त्याच वर्षी तीन वर्षांची सक्तीची माध्यमिक शाळा सुरू झाली. कोतारो आणि आकाने एका वर्गात बसतात, ही घटना या दृष्टीने पाहता अवघ्या सत्तर वर्षांची आहे. आनिमेतील शालेय प्रेमकथेस पायाभूत असलेला वर्ग प्राचीन परंपरेने नव्हे, तर कायद्याने निर्माण केला.

या पार्श्वभूमीवर मालिकेतील कबुलीचा प्रसंग अर्थपूर्ण ठरतो. कोतारोला सोसेकींची आख्यायिका आठवते. परंतु प्रत्यक्ष विचारणा होते ती ‘त्सुकिआउ’, म्हणजे सोबत करणे, मैत्री राखणे, या साध्या क्रियापदाने. चंद्राचे वाक्य त्याच्या वाचनातले आहे, हे क्रियापद त्याच्या वयाच्या मुलांच्या व्यवहारातले आहे. शिवाय हीच मुले २०११ साली सुरू झालेल्या ‘लाइन’ या संदेशसेवेवरून बरेच मोकळेपणी लिहितात. अर्थात उणीव शब्दांची नाही. वर्गमित्रांची नजर, थट्टेचे भय आणि नकाराची शक्यता यांच्यासमोर तो शब्द उच्चारण्याचे धैर्य अजून यावयाचे आहे.

वर्षाअखेरीस आकानेच्या कुटुंबाला चिबा येथे जावे लागते. शाळेने दिलेली जवळीक शाळेबरोबरच संपते. आता नाते टिकवावयाचे तर ते बोलूनच टिकवावे लागणार. मोठे होणे ते हेच. मौनाला राष्ट्रस्वभाव म्हटले की शोध थांबतो, आणि या मुलांनी बोलण्यासाठी केलेली धडपडही दृष्टिआड होते. तिची दखल घ्यावयाची, तर शब्दाचा आणि शाळेचा इतिहास एकत्र वाचला पाहिजे.