द फॉरएव्हर वॉर (कादंबरी)

'द फॉरएव्हर वॉर' ही अमेरिकन लेखक जो हॉल्डमन यांनी लिहिलेली इंग्रजी विज्ञान कादंबरी आहे. ती १९७४ मध्ये पुस्तकरूपाने प्रथम प्रकाशित झाली. शीर्षकाचा शब्दशः अर्थ 'कायमचे युद्ध' असा होतो. मानव आणि टॉरन नावाचे परग्रहवासी यांच्यात शेकडो वर्षे चाललेल्या युद्धाची ही कथा असून ती विल्यम मँडेला या सैनिकाच्या निवेदनातून उलगडते. प्रकाशवेगाच्या जवळपास प्रवास केल्यामुळे मँडेलाचे वय काही वर्षांनीच वाढते. पृथ्वीवर मात्र तेवढ्यात शतके उलटतात. लेखकाने व्हिएतनाम युद्धात घेतलेला अनुभव या कथेच्या मुळाशी आहे. या कादंबरीला नेब्यूला, ह्युगो आणि लोकस हे विज्ञान साहित्यातील तीनही प्रमुख पुरस्कार मिळाले. अंतराळ युद्धकथा या साहित्यप्रकारातील महत्त्वाच्या कृतींमध्ये तिची गणना होते.

पार्श्वभूमी

अंतराळ साहसकथांची परंपरा

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेतील स्वस्त कथामासिकांतून अंतराळ साहसकथा लोकप्रिय झाल्या. ई. ई. स्मिथ यांची 'द स्कायलार्क ऑफ स्पेस' ही कथा १९२८ मध्ये 'अमेझिंग स्टोरीज' या मासिकात क्रमशः प्रसिद्ध झाली. त्यांच्याच 'गॅलॅक्टिक पेट्रोल' या १९३७ मध्ये सुरू झालेल्या कथेत आकाशगंगेच्या रक्षणासाठी लढणारे दल आणि अवाढव्य आरमारांची युद्धे आहेत. अशा कथांना १९४१ मध्ये विल्सन टकर यांनी 'स्पेस ऑपेरा' असे नाव दिले. ते प्रारंभी उपहासाने वापरले जात असे. पुढे ते या साहित्यप्रकाराचे रूढ नाव बनले. या कथांत युद्ध हे प्रामुख्याने पराक्रमाचे निमित्त असते. नायक जिंकतो, घरी परततो आणि घर त्याची वाट पाहत असते.

रॉबर्ट हाइनलाइन यांच्या 'स्टारशिप ट्रूपर्स' (१९५९) या कादंबरीने अंतराळ युद्धकथेला निराळे वळण दिले. हाइनलाइन हे अमेरिकी नौदल अकादमीचे पदवीधर होते. त्यांनी सेनापतीऐवजी सामान्य पायदळ सैनिकाला केंद्रस्थानी ठेवले. प्रशिक्षण, शिस्त, यांत्रिक चिलखत आणि नागरिकाचे कर्तव्य यांचे तपशीलवार चित्रण केले. या कादंबरीला १९६० चा ह्युगो पुरस्कार मिळाला. तिच्यातील लष्करी जीवनाच्या गौरवीकरणावर टीकाही झाली.

लेखक आणि व्हिएतनाम युद्ध

जो विल्यम हॉल्डमन यांचा जन्म १९४३ मध्ये अमेरिकेतील ओक्लाहोमा सिटी येथे झाला. त्यांनी १९६७ मध्ये मेरीलँड विद्यापीठातून भौतिकशास्त्र व खगोलशास्त्र या विषयांत पदवी घेतली. त्याच वर्षी सक्तीच्या लष्करभरतीखाली त्यांना बोलावणे आले. व्हिएतनाममध्ये त्यांनी लढाऊ अभियंता म्हणून काम केले. तेथे ते गंभीर जखमी झाले आणि त्यांना 'पर्पल हार्ट' हे पदक देण्यात आले. त्यांची 'वॉर इयर' (१९७२) ही पहिली कादंबरी व्हिएतनाम युद्धावरच आहे.

व्हिएतनाममधील अमेरिकी सैनिकाची नेमणूक सामान्यतः सुमारे एक वर्षाची असे. ती संपली की तो विमानाने थोड्याच अवधीत मायदेशी पोहोचे. परंतु त्या अवधीत देशातील राजकारण, सामाजिक संकेत आणि युद्धाविषयीचे लोकमत झपाट्याने बदलत होते. परतणाऱ्या सैनिकाला आपलेच गाव अनोळखी वाटे. हॉल्डमन यांनी हा अनुभव सापेक्षता सिद्धान्ताच्या आधारे शतकांच्या अंतरात रूपांतरित केला.

नायकाच्या नावातही आत्मचरित्राच्या खुणा आहेत. 'विल्यम' हे लेखकाचे मधले नाव असून 'मँडेला' हे आडनाव 'हॉल्डमन' या आडनावाच्या अक्षरांची जवळजवळ फेरमांडणी आहे. नायिका मेरीगे पॉटर हिचे नाव लेखकाच्या पत्नीच्या माहेरच्या नावावरून घेतलेले आहे.

कथानक

(या विभागात कादंबरीचा शेवट उघड केलेला आहे.)

कोसळलेल्या ताऱ्यांतून, म्हणजेच कृष्णविवरांतून, एका ठिकाणाहून दूरच्या दुसऱ्या ठिकाणी क्षणार्धात जाता येते असा शोध मानवाला लागतो. अंतराळात वसाहती उभारण्यास प्रारंभ होतो. वृषभ राशीतील रोहिणी ताऱ्याच्या परिसरात मानवी यानावर हल्ला झाल्याचे मानले जाते आणि युद्ध सुरू होते. वृषभ राशीच्या 'टॉरस' या लॅटिन नावावरून शत्रूला 'टॉरन' म्हटले जाते.

भौतिकशास्त्राचा विद्यार्थी असलेल्या मँडेलाची अत्यंत बुद्धिमान तरुण-तरुणींच्या सक्तीच्या भरतीत निवड होते. प्लूटोच्या पलीकडील कॅरन या काल्पनिक ग्रहावर प्रशिक्षण होते. तेथील तापमान केवळ शून्याच्या जवळ असते. चिलखताच्या पाठीवरील उष्णता बाहेर टाकणारी पाती गोठलेल्या वायूंना टेकली तरी स्फोट होऊन सैनिक मरू शकतो. शत्रू दिसण्यापूर्वीच अनेक प्रशिक्षणार्थी प्राण गमावतात.

सारथी तारकासमूहातील एप्सिलॉन ताऱ्याजवळील पहिल्या भूमियुद्धात सैनिकांच्या मनात संमोहनाने आधीच पेरलेला द्वेष जागवला जातो. टॉरन पायदळ युद्धाला सरावलेले नसतात. जे घडते ते युद्धापेक्षा कत्तलच अधिक असते. द्वेष कृत्रिम होता हे ठाऊक असूनही त्याची लाज मँडेलाला सोडत नाही.

स्वतःच्या मोजणीने सुमारे दोन वर्षांनी मँडेला आणि मेरीगे पृथ्वीवर परततात, तेव्हा तेथे २०२४ साल उजाडलेले असते. लोकसंख्या प्रचंड वाढलेली असते, अन्नाचे उष्मांक हेच चलन झालेले असते आणि रोजगार दुर्मिळ असतो. मँडेलाच्या वृद्ध आईला वैद्यकीय उपचार नाकारले जातात. या जगात जागा न सापडल्याने दोघे पुन्हा सैन्यात दाखल होतात. प्रशिक्षक म्हणून नेमण्याचे आश्वासन त्यांना दिलेले असते. प्रत्यक्षात त्यांची रवानगी तत्काळ आघाडीवर होते.

पुढील मोहिमेत दोघेही अवयव गमावतात. उपचारानंतर त्यांची वेगवेगळ्या तुकड्यांत नेमणूक होते. दोघांच्या प्रवासांत शतकांचे अंतर पडणार असल्याने ही ताटातूट मृत्यूइतकीच अंतिम ठरते. मेजर झालेला मँडेला मोठ्या मॅगेलनी मेघातील एका चौकीवर जातो. त्याच्या हाताखालील सैनिक त्याच्यानंतर शेकडो वर्षांनी जन्मलेले असतात. त्याच्याशी बोलता यावे म्हणून त्यांना त्याच्या काळातील इंग्रजी मुद्दाम शिकावी लागते. त्यांच्या समाजात समलैंगिकता हीच सर्वमान्य रीत असल्याने मँडेला त्यांच्या दृष्टीने विचित्र ठरतो. शेवटच्या लढाईत स्फोटके आणि विद्युत उपकरणे निकामी करणाऱ्या एका क्षेत्रात सैनिकांना तलवारी व धनुष्यबाण घेऊन लढावे लागते.

मँडेला तळावर परततो तेव्हा युद्ध केव्हाच संपलेले असते. मानवजातीचे रूपांतर एकाच सामायिक जाणिवेने जोडलेल्या प्रतिकृतींच्या समूहात झालेले असते. टॉरनही मुळात तसेच असल्यामुळे दोन्ही पक्षांत प्रथमच संवाद शक्य होतो आणि ११४३ वर्षे चाललेले हे युद्ध गैरसमजातून सुरू झाले होते, हे स्पष्ट होते. मेरीगेने मात्र मँडेलासाठी पत्र ठेवलेले असते. ती इतर काही माजी सैनिकांसह एका यानात वेगाने ये-जा करत स्वतःचा काळ मंदावून त्याची वाट पाहत असते. मिझार ताऱ्याभोवतीच्या एका ग्रहावर दोघांची भेट होते. मिझार म्हणजे सप्तर्षींपैकी वसिष्ठ; त्याच्या शेजारचा अल्कॉर हा अंधुक तारा भारतीय परंपरेत अरुंधती म्हणून ओळखला जातो.

वैज्ञानिक आधार

कादंबरीचा कणा असलेली काळ मंदावण्याची कल्पना आइन्स्टाइन यांच्या विशिष्ट सापेक्षता सिद्धान्तावर आधारित आहे. प्रकाशाच्या ९९ टक्के वेगाने जाणाऱ्या यानात एक वर्ष लोटते, तेव्हा पृथ्वीवर सुमारे ७.१ वर्षे उलटतात. वेग ९९.९ टक्के असल्यास हे प्रमाण एका वर्षास सुमारे २२.४ वर्षे इतके होते. कादंबरीत कृष्णविवरातून होणारी उडी क्षणिक आहे. कृष्णविवरापर्यंतच्या आणि तेथून पुढच्या प्रवासात मात्र ही तफावत साचत जाते.

या तत्त्वाचे लष्करी परिणामही हॉल्डमन यांनी विचारात घेतले आहेत. समोर आलेले शत्रूचे यान कोणत्या काळात निघाले हे कळण्याचा मार्ग नसतो. त्यामुळे त्यावरील शस्त्रे आपल्यापेक्षा शंभर वर्षे जुनी असू शकतात, तशीच शंभर वर्षे पुढचीही. अनुभव आणि पराक्रम यांपेक्षा योगायोगावर जय-पराजय ठरू लागतो. प्रखर त्वरण सहन करण्यासाठी सैनिकांना द्रवाने भरलेल्या कवचांत ठेवले जाते.

कृष्णविवरातून सुखरूप बाहेर पडण्याची कल्पना मात्र ज्ञात भौतिकशास्त्राला धरून नाही. प्लूटोच्या उपग्रहाचा शोध १९७८ मध्ये, म्हणजे कादंबरीनंतर लागला. त्यालाही कॅरन हेच नाव मिळाले असले, तरी कादंबरीतील ग्रहाचा त्याच्याशी संबंध नाही.

आशय

परतीची अशक्यता हा कादंबरीचा मुख्य विषय आहे. सैनिक ज्या समाजासाठी लढायला जातो, तो समाज त्याच्या परतण्यापर्यंत शिल्लक राहत नाही. प्रत्येक मोहिमेनंतर भाषा, चलन, नाती आणि नीतिकल्पना बदललेल्या असतात. युद्धभूमी हीच त्याला ओळखीची वाटणारी एकमेव जागा उरते. मँडेलाची पुनर्भरती शौर्यातून किंवा देशप्रेमातून होत नाही. जाण्यासारखे दुसरे ठिकाण नसल्यामुळे होते.

भरतीच्या चित्रणात उपरोध आहे. व्हिएतनाम युद्धाच्या काळात महाविद्यालयीन विद्यार्थ्यांना बराच काळ भरतीतून सवलत मिळत असे. कादंबरीत उलट सर्वांत बुद्धिमान आणि सुशिक्षित तरुणांनाच पायदळात ढकलले जाते. त्यांच्या शिक्षणाचा तेथे फारसा उपयोगही होत नाही.

युद्धाचे कारण हा आशयाचा तिसरा धागा आहे. शत्रूचे नाव, हेतू आणि भाषा यांविषयी सैनिकांना जवळजवळ काहीच माहीत नसते. लेखकाने टॉरनांना दुष्ट रंगवलेले नाही. ते अनाकलनीय आहेत, इतकेच.

'स्टारशिप ट्रूपर्स'शी तुलना

दोन्ही कादंबऱ्यांत यांत्रिक चिलखत घातलेला पायदळ सैनिक, खडतर प्रशिक्षण आणि परग्रहवासी शत्रू आहेत. हाइनलाइन यांचा नायक स्वेच्छेने भरती होतो आणि सैन्यात त्याला आपली ओळख सापडते. हॉल्डमन यांचा नायक सक्तीने ओढला जातो आणि त्याची ओळख हळूहळू नष्ट होते. त्यामुळे अनेक समीक्षकांनी ही कादंबरी 'स्टारशिप ट्रूपर्स'ला दिलेले उत्तर मानली आहे. तरीही दोन्ही लेखकांत वैर नव्हते. हाइनलाइन यांनी हॉल्डमन यांच्या कादंबरीचे मनापासून कौतुक केले होते.

प्रकाशनाचा इतिहास

कादंबरीचे भाग १९७२ ते १९७५ या काळात 'अ‍ॅनालॉग' मासिकात स्वतंत्र कथांच्या रूपात आले. पुस्तक म्हणून मात्र ती अनेक प्रकाशकांनी नाकारली. व्हिएतनामची आठवण देणारी विज्ञान कादंबरी कोणी वाचणार नाही, असे त्यांना वाटत होते. अखेर सेंट मार्टिन्स प्रेस या संस्थेने ती स्वीकारली.

मँडेलाच्या पृथ्वीवरील वास्तव्याचा मूळ मधला भाग 'अ‍ॅनालॉग'चे संपादक बेन बोव्हा यांना फार निराशाजनक वाटला. हॉल्डमन यांनी त्याऐवजी सौम्य भाग लिहून दिला आणि तोच पहिल्या आवृत्तीत छापला गेला. वगळलेला भाग १९७५ मध्ये 'अमेझिंग स्टोरीज'मध्ये स्वतंत्रपणे प्रसिद्ध झाला. पुढे १९९७ च्या आवृत्तीत तो पूर्णपणे समाविष्ट करण्यात आला. ही आवृत्ती लेखकाला अभिप्रेत असलेली मानली जाते. त्यामुळे जुन्या आणि नव्या प्रती वाचलेल्या वाचकांच्या आठवणीतील पृथ्वी वेगवेगळी असू शकते.

पुरस्कार आणि समीक्षा

कादंबरीला १९७५ चा नेब्यूला पुरस्कार तसेच १९७६ चे ह्युगो व लोकस पुरस्कार मिळाले. ब्रिटनमधील 'एसएफ मास्टरवर्क्स' या ग्रंथमालेत तिला पहिले स्थान देण्यात आले. युद्धाचा भयानकपणा आणि लष्करी यंत्रणेचा कोरडेपणा यांचे संयत, विनोदाची झाक असलेले निवेदन समीक्षकांनी वाखाणले. समलैंगिकतेला लोकसंख्या नियंत्रणाचे शासकीय साधन म्हणून दाखवणे, तसेच स्त्री-सैनिकांच्या लैंगिक जीवनाचे चित्रण यांवर नंतरच्या वाचकांनी आक्षेप घेतले आहेत.

पुढील लेखन आणि रूपांतरे

हॉल्डमन यांची 'फॉरएव्हर पीस' (१९९७) ही कादंबरी विषयाने जवळची असली, तरी तिचे कथानक स्वतंत्र आहे. तिलाही ह्युगो व नेब्यूला हे दोन्ही पुरस्कार मिळाले. 'फॉरएव्हर फ्री' (१९९९) मध्ये मँडेला आणि मेरीगे यांची पुढील कथा आहे, तर 'अ सेपरेट वॉर' या दीर्घकथेत ताटातुटीनंतरचा काळ मेरीगेच्या दृष्टीतून सांगितला आहे. बेल्जियन चित्रकार मार्व्हानो यांनी कादंबरीचे चित्रकथेत रूपांतर केले. शिकागो येथे १९८३ मध्ये तिचे नाट्यरूपांतर सादर झाले. रिडली स्कॉट या कादंबरीवर चित्रपट करणार असल्याचे २००८ मध्ये जाहीर झाले होते.

मराठी वाचकांसाठी संदर्भ

काळाच्या तफावतीची कल्पना भारतीय वाचकांना पुराणांतून परिचित आहे. रैवत ककुद्मी राजा आपली कन्या रेवती हिच्यासाठी वर शोधताना ब्रह्मलोकी जातो आणि परततो तेव्हा पृथ्वीवर अनेक युगे लोटलेली असतात, अशी कथा भागवतपुराणात आहे. आधुनिक मराठी विज्ञानकथेत खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर यांनी 'कृष्णविवर' या कथेतून हा विषय हाताळला. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या स्पर्धेसाठी त्यांनी ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठवली होती आणि तिला पुरस्कार मिळाला. हॉल्डमन यांची कादंबरीही त्याच वर्षी प्रकाशित झाली.