पहिली तबकडी आणि मिलिंदाचा रथ

मागच्या वेळी निघता निघता एका श्रोत्याने विचारले होते, इतिहासात 'पहिले' म्हणजे नेमके काय? आज तोच प्रश्न धरून बोलू. उदाहरण मात्र जरा वेगळे आहे, कपाळाला आठ्या घालू नका. ते आहे एका इंग्रज रॉक बँडच्या पहिल्या अल्बमचे. बँड किंग क्रिम्सन, अल्बम 'इन द कोर्ट ऑफ द क्रिम्सन किंग', प्रकाशन १० ऑक्टोबर १९६९. प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणून पुढे जो प्रकार नावारूपाला आला, त्याची सुरुवात बरेच जण इथून मोजतात.

आम्ही तो पहिल्यांदा ऐकला पुण्यात, विद्यार्थी असताना, एका मित्राच्या घरी. वेष्टनावर पुढे बँडचे नाव नाही, अल्बमचे नाव नाही. नुसता एक भेदरलेला, किंचाळणारा लालसर चेहरा. गिटारवादक रॉबर्ट फ्रिप पुढे या बँडचा चेहरा झाला, म्हणून आम्ही वर्षानुवर्षे याला 'फ्रिपचा अल्बम' म्हणत आलो. वर्गातही तसंच सांगितलं. ते चूक होतं. कसं, ते बघा.

आधी 'पहिले' हा शब्द तपासू. फ्रिप आणि ड्रमवादक मायकेल जाइल्स यांनी जाइल्सच्या भावाला, पीटरला, सोबत घेऊन १९६८ मध्येच एक अल्बम काढला होता. तो फारसा कुणी विकत घेतला नाही. मग इयन मॅकडोनल्ड आला. सॅक्सोफोन, बासरी, कळफलक, सगळ्यांत हात चालणारा माणूस. त्याच्याबरोबर गीतकार पीटर सिनफील्ड आला. शेवटी गायक आणि बेसवादक ग्रेग लेक. १३ जानेवारी १९६९ रोजी लंडनच्या फुलहॅम पॅलेस रोडवर, एका कॅफेच्या तळघरात, तालमी सुरू झाल्या. पाचही जण एकवीस ते सत्तावीस वयाचे. म्हणजे 'पहिल्या'च्या आधीही काही होतेच. अल्बममधले 'आय टॉक टू द विंड' हे गाणे तर बँडच्या जन्माआधी, १९६८ मध्ये, घरगुती मुद्रणात गायले गेले होते.

पुढचा वेग विलक्षण आहे. एप्रिलमध्ये पहिला कार्यक्रम. ५ जुलैला हाइड पार्कमध्ये रोलिंग स्टोन्सच्या मोफत मैफिलीआधी, लाखोंच्या गर्दीपुढे वादन. अल्बमसाठी मूडी ब्लूज या गाजलेल्या बँडचा निर्माता टोनी क्लार्क याच्याबरोबर काम सुरू झाले. या मुलांना ते पटले नाही. झालेले मुद्रण बाजूला ठेवून, वेसेक्स स्टुडिओत, त्यांनी स्वतःच निर्मिती केली. अनुभवी माणसाचा हात सोडायचा म्हणजे बिघडलं तर दोष द्यायला कुणी उरत नाही. तत्त्वज्ञानाच्या वर्गात आम्ही स्वातंत्र्य आणि जबाबदारी हे शब्द जोडीने शिकवतो, ते यासाठी.

त्या आवाजाचे एक अंग म्हणजे मेलोट्रॉन. दिसायला कळफलकाचे वाद्य. प्रत्येक पट्टीखाली ध्वनिफितीचा एक तुकडा असतो. पट्टी दाबली की फीत सरकते आणि तिच्यावर आधीच मुद्रित केलेली व्हायोलिनं ऐकू येतात. पण फीत तोकडी, साधारण आठ सेकंदांची. ती संपायच्या आत बोट उचलावं लागतं. 'एपिटाफ' आणि शीर्षकगीत यांतला तो भव्य, काहीसा कापरा वाद्यवृंद या आठ-आठ सेकंदांच्या तुकड्यांतून उभा राहिला आहे. तो वाजवणारा मॅकडोनल्ड, फ्रिप नव्हे.

आता श्रेयनामावली वाचू. गाणी पाच. तीन पाचही जणांच्या नावावर. उरलेली दोन, त्यांत शीर्षकगीतही आले, मॅकडोनल्ड आणि सिनफील्ड यांची. केवळ फ्रिपचे असे एकही नाही! पहिल्या गाण्यात, 'ट्वेंटी फर्स्ट सेंचुरी स्किझॉइड मॅन'मध्ये, सगळी वाद्ये एकाच क्षणी थांबतात आणि एकाच क्षणी पुन्हा सुटतात. अशी जागा एकट्याला घेता येत नाही.

अल्बम ब्रिटनमध्ये पाचव्या क्रमांकापर्यंत पोहोचला. बँड अमेरिकेच्या दौऱ्यावर गेला. आणि डिसेंबरमध्ये मॅकडोनल्ड आणि जाइल्स यांनी सोडतो म्हणून सांगितले. तुम्ही राहणार असाल तर मीच बाहेर पडतो, अशी तयारी आपण दाखवली होती, हे फ्रिपने नंतर सांगितले आहे. ते थांबले नाहीत. लेक पुढे एमर्सन, लेक अँड पामरमध्ये गेला. वेष्टनावरचे चित्र काढणारा बॅरी गॉडबर, पेशाने संगणक प्रोग्रामर, फेब्रुवारी १९७० मध्ये चोविसाव्या वर्षी वारला. या पाच जणांनी मिळून दुसरा अल्बम कधीच केला नाही. नाव मात्र फ्रिपबरोबर पुढे कित्येक दशके चालत राहिले.

इथे आम्हांला 'मिलिंदप्रश्न' आठवतो. भिक्षू नागसेन राजाला विचारतो, रथ म्हणजे चाके का? आस का? दांडी का? राजा प्रत्येक वेळी नाही म्हणतो. मग रथ म्हणजे त्या जुळणीला दिलेले नाव, एवढेच उरते. किंग क्रिम्सनचा हा रथ वर्षभरही नीट जुळलेला राहिला नाही. आपण 'पहिला अल्बम' म्हणतो तेव्हा मागाहून आलेल्या अल्बमांच्या रांगेत त्याला उभा करतो. त्या पाच जणांपुरता तोच पहिला आणि तोच शेवटचा होता.

इतिहास लिहिताना ही सवय आपल्या सगळ्यांनाच असते. जो टिकतो, त्याच्या खात्यावर सगळं जमा करायचं. चळवळींचं हेच होतं, संस्थांचंही हेच. म्हणून आमच्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी कुणी ऐकत असेल, तर वहीतली ती ओळ खोडा. 'फ्रिपचा अल्बम' काढून पाच नावे लिहा.

आता प्रश्न घेऊ.