उपास आपला, तिचा नाय

आमच्या सानपाडा गावात मांजर कुणा एका घरचं नव्हतं. खाडीवरून निवटे, कोळंबी, चिंबोऱ्या आल्या, बायका मागच्या दारी विळी घेऊन बसल्या, की डोकी-आतडी मांजराच्या वाटणीची. या दारी नाही मिळालं तर पुढच्या दारी. मांजर पिल्लांना सात घरं फिरवते म्हणतात, तशी ती स्वतःही सात घरं जेवायची.

पावसाळ्यात ओलं म्हावरं कमी झालं की उन्हाळ्यात वाळवलेला जवळा डब्यातून निघे. श्रावणात आमच्याकडे मासळी शिजत नसे. तरी आजी चिमूटभर जवळा भातात कुस्करून चुलीमागे ठेवायची. आई कुरकुरली की म्हणायची, "उपास आपला, तिचा नाय."

मांजर उपाशी ठेवलं तरच उंदीर धरतं, असंही गावात मानत. ते खोटं. पोट भरलेलं मांजरही शिकार करतं. भातात उंदीर दिसला की आमची जेवलेली मांजरही झेपावायची.

1970 साली शहर वसवायला सिडको आली, भाताची खाचरं गेली. 1992 मध्ये मानखुर्दहून वाशीपर्यंत रेल्वे आली, शेजारी तुर्भ्याला धान्यबाजार वसला, इमारती उठल्या. सात घरं फिरणारी मांजर खिडकीच्या जाळीआड, एका वाटीशी आली. माझीही तशीच, चौथ्या मजल्यावर, चांगली गुबगुबीत.

एकदा लग्नासाठी आम्ही पाच दिवस परगावी गेलो. शेजारीण रोज वाटीत खाणं घालत होती. मांजर कपाटाखालून बाहेरच आली नाही. परतलो तेव्हा तिच्या कानांची आतली बाजू आणि हिरड्या हळद लावल्यासारख्या पिवळ्या होत्या.

डॉक्टरांनी समजावलं. आपण एकादशी करतो तेव्हा साठलेल्या चरबीवर निभावतो. मांजराचं शरीर उपाशीपोटीही प्रथिनं मोडतच राहतं. अंगावरची चरबी यकृताकडे धावते, यकृताला ती पेलत नाही, तिथेच साचते आणि कावीळ होते. लठ्ठ मांजराला धोका जास्त, दोन-तीन दिवसांचा उपासही त्याला बाधू शकतो. आणि भुकेल्या जिवाला एकदम पोटभर घालायचं नाही, रक्तातलं पोटॅशियम आणि फॉस्फेट झपकन उतरतं. मानेत बसवलेल्या नळीतून सिरिंजने थोडं थोडं पातळ अन्न देत तीन आठवडे काढले. ती वाचली.

उपास बाधतो, तसा नुसता दूधभातही मांजराला पुरत नाही. मांस-मासळीतलं टॉरिन हे पोषकद्रव्य मिळालं नाही तर मांजराचा डोळ्याचा पडदा झिजतो, हे 1975 साली शास्त्रज्ञांनी दाखवलं. तोवर आजीचा जवळा कित्येक श्रावण चुलीमागे पडत आला होता.

आता परगावी निघताना किल्ली देते आणि शेजारणीला बजावते: सकाळची वाटी संध्याकाळी भरलेलीच दिसली, तर मला लगेच फोन कर. रात्र उलटू देऊ नकोस.